टायर कुठून आले?

‘ता रा रम पम’ मी माझ्या भाच्याला पहिल्यांदा दाखवला तेव्हा तो सहा-सात वर्षांचा होता. ताई आणि दाजी एका लग्नाला गेले होते, पोरगं माझ्याकडे सोपवलेलं, आणि टीव्हीवर हा चित्रपट लागला होता. अस्वलांचं गाणं लागलं की हा सोफ्यावर उड्या मारायचा, गाड्या दिसल्या की गप्प व्हायचा. पुढे त्याने कार्टिंगचा हट्ट धरला तेव्हा घरात सगळ्यांनी माझ्याकडे बोट दाखवलं. ताई अजूनही म्हणते, “तूच लावलंस त्याला हे वेड.”

तो आता बावीस वर्षांचा आहे आणि २०२५च्या पावसाळ्यात आम्ही दोघं सीवूड्स स्टेशनवरच्या मॉलमध्ये ब्रॅड पिटचा ‘एफ वन’ बघायला गेलो. पडदा मोठा, आवाज खुर्चीतून पाठीत शिरणारा. मला मजा आली. बाहेर पडताना भाचा म्हणाला, “छान आहे. पण ‘ता रा रम पम’पेक्षा वेगळं काही नाही.” मला हे अन्यायाचं वाटलं. म्हणून घरी येऊन आम्ही जुना चित्रपट पुन्हा लावला, अठरा वर्षांनी जुना झालेला. शेवटची शर्यत सुरू झाली, सैफ अली खान हेल्मेट चढवून गाडीत बसला, तेव्हा भाच्याने पॉज केलं आणि विचारलं, “मामा, टायर कुठून आले?”

हा लेख त्या प्रश्नाबद्दल आहे.

२७ एप्रिल २००७ला आलेला, सिद्धार्थ आनंदने दिग्दर्शित केलेला हा यशराजचा चित्रपट. हिंदीत स्टॉक कार रेसिंगवर एवढा पैसा आणि एवढे तारे लावून दुसरा चित्रपट निघालेला मला आठवत नाही. स्टॉक कार म्हणजे मूळची शोरूममधली साधी गाडी. अमेरिकेत १९४८ साली नॅसकार ही संस्था स्थापन झाली ती अशाच गाड्यांच्या शर्यतींना शिस्त लावायला. आज त्या गाडीत शोरूमचं फक्त दिसणं उरलंय. आत नळ्यांचा सांगाडा, एकच सीट आणि प्रचंड इंजिन. लंबगोल ट्रॅकवर डावीकडे वळत राहायचं. बघणाऱ्याला सोपं वाटतं. चाळीसएक गाड्या एकमेकींना जवळजवळ चिकटून पळत असतात हे ध्यानात आलं की मग नाही वाटत.

चित्रपटाचा नायक राजवीर उर्फ आरव्ही पिटमध्ये टायर बदलतो. जावेद जाफरीचा हॅरी त्याला हेरतो, ‘स्पीडिंग सॅडल्स’ नावाच्या टीमची गाडी मिळवून देतो, आणि पोरगा एक नंबर होतो. टीमचा मालक बिली भाटिया झालाय भरत दाभोळकर. जाहिरातीत आयुष्य घातलेला माणूस स्पॉन्सरच्या पैशावर चालणाऱ्या धंद्याचा मालक म्हणून उभा केलाय, हा योगायोग असेल तर फार चांगला योगायोग आहे.

पूर्वार्धाबद्दल मी आजही या चित्रपटाच्या बाजूने भांडायला तयार आहे. आरव्हीचं घर, गाडी, फर्निचर सगळं हप्त्यांवर आहे. तो फारसा शिकलेला नाही, त्याने साठवलेलं काही नाही, आणि आपल्याला पैसे नेमके कशाचे मिळतात हे त्याने स्वतःला कधी विचारलेलं नाही. अपघात होतो, तो बरा होतो, पण मनातली भीती जात नाही. तो हरायला लागतो आणि टीम त्याला काढून टाकते. ज्याने त्याला जाणूनबुजून ठोकलं त्या रस्टीलाच टीममध्ये घेते. या भागात कोणी फार भाषण देत नाही. घराचा लिलाव होतो आणि वस्तू एकेक करून जातात. २००७ साल होतं, आमच्या सेक्टरमधले निम्मे फ्लॅट तेव्हा कर्जावर घेतलेले होते, माझाही. राणी मुखर्जीच्या चेहऱ्यावर ते कागद बघताना जे येतं ते मला थिएटरमध्ये पोटात लागलं होतं. त्यानंतर काही महिन्यांतच अमेरिकेत खरोखरच घरं जायला लागली. चित्रपटाला ते ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. तरी आज बघताना तो भाग तेव्हापेक्षा मोठा वाटतो.

मग गोष्ट घसरते. मुलांना गरिबी कळू नये म्हणून आईबाप त्यांना सांगतात की आपण एका रिअ‍ॅलिटी शोमध्ये आहोत, गरीब असल्याचं नाटक करायचंय. कल्पना म्हणून ही वाईट नाही. पण ती आली की चित्रपटाला एक सवय लागते: पैशाचा प्रश्न आला की त्याचं भावनेत रूपांतर करायचं. मुलं डबा वाचवतात, भुकेला चँप उष्टं अन्न खातो, पोटात काच जाते, ऑपरेशनला मोठी रक्कम लागते. ही रक्कम आपल्याला आकड्यासकट सांगितली जाते. बाप शर्यतीला उतरतो. पण शर्यतीला उतरायला किती लागले? तो आकडा कोणी सांगत नाही. हॅरी आहे, मित्र आहेत, बायकोचा विश्वास आहे, आणि बस, गाडी ट्रॅकवर उभी. ती गाडी कोणाची, इंजिन कोणी दिलं, यावर कॅमेरा थांबत नाही.

स्टॉक कारची शर्यत शेकडो मैलांची असते आणि एका शर्यतीत टायरचे अनेक सेट जातात. टायर झिजला की गाडी वळणावर बाहेर फेकली जाते. ताज्या टायरवरचा साधा चालक जुन्या टायरवरच्या चांगल्या चालकाला गाठतो, ही त्या खेळातली रोजची गोष्ट आहे. ज्या नायकाचं आयुष्यच टायर बदलण्यात गेलं, त्याच्या शेवटच्या शर्यतीत चित्रपटाला टायरचा विसर पडावा हे मला पूर्वी खटकलं नव्हतं. भाच्याला खटकलं, कारण त्याची कार्टिंगची दोन वर्षं टायरपाशीच संपली होती. त्यावर नंतर येतो.

मराठी माणसाला खरं तर हा प्रश्न पहिल्यांदा सुचायला हवा. कोल्हापूरच्या तालमीबद्दल दोन माणसं बोलायला लागली की तिसऱ्या वाक्यात खुराक येतो. दूध किती, तूप किती, बदाम कोण देतं, पोराच्या बापाने म्हैस विकली का. पैलवानकी ही अंगाची आणि डावाची गोष्ट आहे, पण तिच्यामागे आश्रयदाता लागतो हे शाहू महाराजांनी खासबागचं मैदान बांधलं तेव्हापासून सगळ्यांना माहीत आहे, आणि ते सांगताना कोणाला कमीपणा वाटत नाही. बैलगाडा शर्यतीतही तेच. बैल जिंकला की लोक बैलाचं नाव घेतात आणि लगेच मालकाचं. बैलाला काय खायला घातलं याची चर्चा पारावर होते.

‘दंगल’ हा चित्रपट मला याच कारणासाठी आवडतो. शेवटाला त्यानेही प्रशिक्षकाला खलनायक करून सोपा रस्ता धरला आहे. पण सुरुवातीला महावीर फोगाट कोंबडीवाल्याशी भावाची घासाघीस करतो, तो प्रसंग काढून टाका आणि बघा काय उरतं. पोरींच्या ताकदीत त्या कोंबड्यांचा हिशेब आहे, हे तिथे एका विनोदी प्रसंगात सांगून झालेलं असतं. ‘ता रा रम पम’मध्ये असा कोंबडीवाला नाही.

असा माणूस प्रत्यक्षात होता का? होता, आणि त्याची गोष्ट सिनेमाहून चांगली आहे.

व्हर्जिनिया राज्यातल्या डॅनव्हिल गावचा वेंडेल स्कॉट हा कृष्णवर्णीय चालक १९६०च्या दशकात नॅसकारच्या सर्वोच्च पातळीवर धावत होता. पैसा नाही, मोठा स्पॉन्सर नाही. दुसऱ्यांच्या वापरलेल्या गाड्या आणि सुटे भाग घेऊन स्वतःच मेकॅनिकी करायची. पिटमध्ये हात चालवायला घरचीच पोरं. १ डिसेंबर १९६३ला जॅक्सनव्हिलच्या शर्यतीत तो पहिला आला. झेंडा मात्र दाखवला गेला बक बेकर या गोऱ्या चालकाला, ट्रॉफीही त्यालाच. मोजणीत चूक झाली असं सांगून स्कॉटला विजय नंतर दिला, सोहळा संपल्यावर. त्या ट्रॉफीच्या जागी नवी ट्रॉफी त्याच्या कुटुंबाच्या हाती पडली २०२१ साली. स्कॉट १९९०मध्येच गेला होता. चारशे नव्वदच्या वर शर्यती आणि एक विजय. आरव्हीच्या घरात मुलांपासून गरिबी लपवतात. स्कॉटच्या घरात मुलांच्या हातात पाने होते. मला वाटतं या विषयावरचा चांगला चित्रपट तिथे आहे: ज्या कुटुंबाला सगळा खर्च माहीत आहे आणि तरीही ते दर शनिवारी गाडी ट्रेलरवर चढवतं.

नॅसकारमध्ये एक प्रथा होती, ‘स्टार्ट अँड पार्क’. शेवटच्या गाडीलाही बक्षिसातले काही पैसे मिळतात. गरीब टीम गाडी शर्यतीत उतरवायची, थोड्या फेऱ्या मारायची आणि ‘ब्रेकमध्ये बिघाड’ सांगून ती आत आणून उभी करायची. पूर्ण पळाली तर टायर आणि इंजिनाचा खर्च बक्षिसापेक्षा जास्त. अशा गाडीत बसलेल्या तरुण चालकाची कल्पना करा. लहानपणापासून जोरात पळवायला शिकला, आणि नोकरी काय, तर थांबायचं. कोणी विचारलं तर बिघाड झाला म्हणायचं.

भारताचा एक चालक या जगात जाऊन आला आहे, आणि त्याच्याबद्दल आपल्याकडे जे लिहिलं गेलं त्यात टायर जवळपास नाहीत. कोइम्बतूरचा नारायण कार्तिकेयन २००५ साली जॉर्डन टीमकडून फॉर्म्युला वनमध्ये उतरणारा पहिला भारतीय झाला, एवढं सगळ्यांना ठाऊक आहे. जॉर्डन तेव्हा डबघाईला आलेली, त्याच सुमारास विकली गेलेली टीम होती. त्या वर्षीचे त्याचे पाचही गुण एकाच शर्यतीतले आहेत: १९ जून २००५, इंडियानापोलिस, चौथा क्रमांक. शुक्रवारी तिथल्या उतरत्या वळणावर, म्हणजे लंबगोल ट्रॅकमधल्या वळणावर, मिशेलिनचे टायर टिकेनासे झाले. रविवारी मिशेलिनवरच्या चौदा गाड्या सरावफेरी संपवून आत गेल्या. ब्रिजस्टोनवरच्या सहाच पळाल्या. प्रेक्षक ओरडत होते, बाटल्या फेकत होते. नारायण त्या सहांतला एक होता. आपल्या वर्तमानपत्रांत हे कधी पराक्रम म्हणून आलं, कधी ‘सहाच तर गाड्या होत्या’ असं हिणवून. दोन्ही वेळा टायर ही तळटीप होती. माझ्या मते तो त्या प्रसंगाचा मथळा आहे.

२०१० साली तो अमेरिकेत गेला आणि नॅसकारच्या ट्रक मालिकेत वायलर रेसिंग या छोट्या टीमकडून उतरला. पहिलीच शर्यत मार्टिन्सव्हिलला, क्रमांक तेरावा. लंबगोल ट्रॅकचा काहीही अनुभव नसलेल्या माणसासाठी हे फार चांगलं होतं. पंचवीस शर्यतींच्या त्या मोसमात त्याच्या वाट्याला नऊ आल्या. वर्षाअखेरीस प्रेक्षकांच्या मतदानातून त्या मालिकेतला सर्वात लोकप्रिय चालक म्हणून त्याची निवड झाली. त्याच वर्षी त्याला पद्मश्रीही मिळाली. पुढच्या मोसमात तो तिथे नव्हता. सैफ अली खानच्या चित्रपटाला तीन वर्षं होऊन गेली होती आणि भारतीय माणूस खरोखर स्टॉक कार पळवत होता, पण आमच्या घरात ते कोणाला माहीत नव्हतं. मीही फार नंतर वाचलं.

२०११मध्ये तो फॉर्म्युला वनला परतला ते एचआरटी या स्पॅनिश टीमकडून, जी रांगेत शेवटी असे. मेलबर्नच्या पहिल्याच शर्यतीत एचआरटीच्या दोन्ही गाड्या पात्रतेच्या एकशे सात टक्क्यांच्या नियमात बसल्या नाहीत, म्हणजे सर्वात वेगवान वेळेपेक्षा सात टक्क्यांहून जास्त मागे. शर्यतच नाही. पुढच्या वर्षी मेलबर्नला पुन्हा तेच. मोसमाच्या मध्यावर त्याची सीट दुसऱ्याला दिली, ग्रेटर नोएडाच्या पहिल्या भारतीय ग्रां प्रीपुरती परत दिली. तिथे तो सतरावा आला, आणि त्याची सीट ज्याला मिळाली होती तो डॅनियल रिकार्डो अठरावा. हा एक क्रमांक मला त्याच्या कारकिर्दीतला सर्वात बोलका वाटतो. त्यावर कोणी चित्रपट काढणार नाही.

काढायचाच तर २५ मार्च २०१२ घ्यावा. सेपांग, मलेशिया. आभाळ भरून आलेलं. पुढचे सगळे अर्ध्या ओल्या ट्रॅकसाठीचे टायर लावून उभे. मागे उभ्या नारायणला पूर्ण पावसाचे टायर लावले होते. गमवायला काही नसलेल्या टीमला असा जुगार परवडतो. आभाळ फुटलं. पुढचे एकेक करून टायर बदलायला आत गेले आणि शर्यत लाल झेंडा दाखवून थांबवली तेव्हा एचआरटीची गाडी दहाव्या क्रमांकावर होती. दहावा क्रमांक म्हणजे एक गुण. पाऊण तासाहून जास्त वेळ सगळ्या गाड्या पावसात उभ्या होत्या आणि जगातली सर्वात गरीब टीम गुणांच्या जागेवर बसून होती. पुन्हा सुरू झाल्यावर अर्थातच गाडी मागे मागे गेली. आधी जेन्सन बटनची धडक झाली, नंतर सेबास्टियन फेटेलचा टायर तिच्या पंखाला लागून फाटला, आणि चिडलेल्या जगज्जेत्या फेटेलने नारायणला काकडी म्हटलं. बातमी काकडीची झाली. त्या वर्षाच्या शेवटी एचआरटी बंद पडली.

मुंबईच्या जेहान दारूवालाची गोष्ट या मानाने सधन आहे, म्हणून ती वेगळी शिकवते. २०११ साली फोर्स इंडियाच्या देशव्यापी निवडीतल्या तीन मुलांपैकी तो एक. प्रेमा, कार्लिन अशा चांगल्या टीम, रेड बुलच्या ज्युनियर गटात जागा, डिसेंबर २०२०मध्ये सखीरला फॉर्म्युला टूची शर्यत जिंकली, २०२२मध्ये मॅकलॅरेनची फॉर्म्युला वन गाडीही चाचणीत चालवली. फॉर्म्युला टूमध्ये चार मोसम काढूनही वरची सीट मिळाली नाही. तो फॉर्म्युला ईमध्ये गेला. त्याच्याकडे टायर होते. पण या शिडीत प्रत्येक पायरीवर पुन्हा कोटींची पावती फाडावी लागते, आणि सर्वात वर त्याच्या वेळी वीसच खुर्च्या होत्या. त्याला ‘अपयशी’ म्हणणारे लेख मी वाचलेत. ते लिहिणाऱ्यांनी एका मोसमाचं अंदाजपत्रक समोर ठेवून लिहिलं असतं तर तो शब्द त्यांच्या हातून लिहिला गेला नसता.

आता ‘एफ वन’. भाच्याचं म्हणणं मला पटायला रात्र जावी लागली. तिथेही टीम कर्जात बुडालेली आहे, मालकाच्या तोंडून ते आपण ऐकतो. तरी काही शर्यतींत गाडी सुधारते, नवे भाग येतात, आणि त्यासाठी पुरेसं ठरतं ते एका म्हाताऱ्या चालकाचं डोकं. डॅमसन इड्रिसने केलेला तरुण चालक जास्त खरा आहे. मोसम संपला की आपली सीट राहील का, या काळजीने त्याच्या फोनवरच्या बोलण्याला धार आलेली आहे. चित्रपट त्याच्याकडे बघत राहिला असता तर मी भाच्याशी वाद घातला असता. पण चित्रपटाला ब्रॅड पिटकडे बघायचं असतं, आणि ते समजण्यासारखं आहे.

भाच्याचं सांगतो. पंधराव्या वर्षी तो कार्टिंगला लागला. दाजींनी उलव्याकडचा एक छोटा प्लॉट विकला. पहिल्या वर्षी तो मधल्या घोळक्यात असायचा, दुसऱ्या वर्षी कधी पाचवा, कधी सहावा. पुढची चार मुलं प्रत्येक शर्यतीला नवे टायर लावायची. हा त्यांचे वापरलेले सेट त्यांच्याच मेकॅनिककडून अर्ध्या भावात घ्यायचा. पहिल्या तीन फेऱ्या त्यांच्याबरोबर राहायचा. चौथीपासून मागचं चाक सरकायला लागायचं. तो सगळं हाताने सावरायचा. ज्यांना बघता येत होतं ते म्हणायचे, पोराचे हात चांगले आहेत.

एकदा नव्या सेटसाठी त्याने माझ्याकडे पैसे मागितले. माझ्या फ्लॅटच्या निम्म्या हप्त्याएवढी रक्कम होती. मी दिली. तो तिसरा आला; त्याची ती एकमेव ट्रॉफी. पुढच्या महिन्यात त्याने पुन्हा मागितले तेव्हा मी म्हणालो, “अरे, खरा ड्रायव्हर जुन्या टायरवरही जिंकतो.” हे वाक्य मला कुठून सुचलं असेल ते वाचकांना कळलं असेलच. तो काही बोलला नाही. त्यानंतर त्याने कोणाकडेच मागितले नाहीत, आणि मोसम अर्धवट सोडला.

आता तो तुर्भ्याच्या एका वर्कशॉपमध्ये काम करतो. चाकांचं अलाइनमेंट आणि बॅलन्सिंग त्याच्याकडे आहे. पॉज केलेल्या पडद्यावर सैफ हेल्मेटमधून समोर बघत होता. मी म्हणालो, “हॅरीने आणले असतील.” तो म्हणाला, “हॅरीने कुठून आणले?”

त्याने पुढचं बघितलं नाही. घरी सोडायला मी त्याच्याबरोबर खाली आलो, पण गाडी त्यानेच चालवली. रात्री साडेबाराला पाम बीच रोड रिकामा होता, पाऊस नुकताच थांबलेला. नेरूळच्या सिग्नलला दोन मोठ्या बाइक आणि एक बुटकी, रंगवलेली गाडी शेजारी येऊन थांबली. हिरवा होताच ती तिन्ही वाहनं पाणी उडवत गेली. हा साठावरच होता. थोडं पुढे गेल्यावर म्हणाला, “त्या गाडीचे मागचे दोन्ही गेलेत. आवाज ऐकलास ना?”

मला काही ऐकू आलं नव्हतं.